सात हजार दगडांचं देणं

जर्मनीतल्या कासल शहराच्या मुख्य चौकात १६ मार्च १९८२ रोजी योसेफ बॉइस या कलाकाराने ओकचं एक झाड लावलं आणि त्याच्या शेजारी काळ्या दगडाचा एक ओबडधोबड खांब उभा केला. त्याच चौकात, फ्रिडेरिशियानुम या जुन्या संग्रहालयासमोरच्या हिरवळीवर, तसल्याच ७००० दगडांचा ढीग ठरला होता. वरून पाहिलं तर पाचरीच्या आकाराचा, टोक त्या पहिल्या झाडाकडे. बॉइसची अट एकच होती. ढिगातला दगड हलवायचा असेल तर शहरात कुठेतरी एक झाड लावायचं आणि तो दगड त्या झाडाच्या बुंध्याशी रोवायचा. झाड नाही तर दगड जागचा हलणार नाही.

शेवटचा दगड १२ जून १९८७ रोजी हलला. त्या दिवशी ७००० वं झाड पहिल्या झाडाच्या शेजारीच लावलं गेलं, बॉइसच्या मुलाच्या हातून. बॉइस स्वतः २३ जानेवारी १९८६ रोजी गेला होता.

या कामाचं नाव ‘७००० ओक’. त्याविषयी बोलताना लोक झाडांचं कौतुक करतात, पर्यावरणाचं भान वगैरे म्हणतात. ते चूक नाही, पण काम नेमकं चालतं कशावर हे त्यातून कळत नाही. ते चालतं दगडांवर. झाडं तर नगरपालिकाही लावतात आणि विसरतात. ७००० दगड शहराच्या दिवाणखान्यात आणून टाकले की विसरता येत नाही. हा लेख मुख्यतः त्या युक्तीबद्दल आहे.

नाटक नाही, बगीचाही नाही

आधी दोन शब्दांचा घोळ मिटवू. परफॉर्मन्स आर्ट म्हणजे नाटक नव्हे. नाटकात नट दुसऱ्या कुणाची तरी भूमिका करतो. इथे कलाकार स्वतः, खऱ्या जागी, खऱ्या वेळात एक कृती करतो आणि ती कृती हीच कलाकृती असते. जर्मन भाषेत बॉइस अशा कामाला ‘आक्त्सियोन’ म्हणायचा, म्हणजे सरळ ‘कृती’. १९६५ मध्ये डुसेलडॉर्फच्या एका गॅलरीत तो डोक्याला मध आणि सोन्याचा वर्ख फासून, कुशीत मेलेला ससा घेऊन, त्या सशाला भिंतीवरची चित्रं समजावून सांगत फिरला होता. प्रेक्षक बाहेर, काचेतून बघत होते. मे १९७४ मध्ये न्यूयॉर्कच्या एका गॅलरीत तो तीन दिवस एका कोयोटीबरोबर, म्हणजे अमेरिकन रानकुत्र्याबरोबर, राहिला. हे वाचून कुणी डोक्याला हात लावला तर त्यात गैर काही नाही. बॉइसची सगळीच कामं सारखी जमलेली नाहीत, आणि काहींमध्ये त्याचा स्वतःभोवतीचा दिखावा जास्त आहे.

पण डिसेंबर १९७१ मधली एक कृती बघा. डुसेलडॉर्फच्या ग्राफेनबर्ग जंगलाचा एक तुकडा तोडून तिथे एका क्लबची टेनिस मैदानं वाढवायची होती. बॉइस सुमारे ५० विद्यार्थ्यांना घेऊन तिथे गेला आणि सगळ्यांनी खराटे घेऊन जंगल झाडलं. तोडायच्या झाडांवर पांढऱ्या खुणा केल्या. घोषणा नाहीत, घेराव नाही. खराटा ही घरातली वस्तू. आपण अंगण झाडतो ते आपलं असतं म्हणून. जंगल झाडणं म्हणजे ‘हे आमचं अंगण आहे’ असं न बोलता सांगणं. गाडगेबाबांच्या महाराष्ट्राला खराट्याची ही भाषा वेगळी शिकवायला नको.

दुसरा शब्द लँड आर्ट, भूमिकला म्हणा हवं तर. माती, दगड, पाणी, झाडं हेच साहित्य आणि जमीन हाच कॅनव्हास. तिचं सगळ्यांत प्रसिद्ध उदाहरण म्हणजे रॉबर्ट स्मिथसनने १९७० मध्ये अमेरिकेतल्या ग्रेट सॉल्ट लेकमध्ये बांधलेला, सुमारे १५०० फूट लांबीचा गोगलगायीच्या शंखासारखा वळलेला बांध. तोही काळ्या बसाल्टचाच. पण तो बघायला वाळवंटातून कच्च्या रस्त्याने मैलोन्‌मैल जावं लागतं. त्या पिढीच्या अमेरिकन भूमिकलेला मोकळं, निर्मनुष्य रान हवं होतं. बॉइसने तेच साहित्य उचललं आणि थेट ट्रॅफिकमध्ये आणलं, जिथे प्रत्येक फुटावर कुणाचा तरी हक्क असतो. जमिनीला हात लावला की तिथे माणसांशी बोलावं लागतं, आणि ते बोलणं हाही कलाकृतीचा भाग, असं त्याचं म्हणणं. याला तो ‘सामाजिक शिल्प’ म्हणायचा. मातीला आकार देतो तसा समाजालाही आकार देता येतो आणि ते काम कुणीही करू शकतो. ‘प्रत्येक माणूस कलाकार आहे’ हे त्याचं गाजलेलं वाक्य. त्याचा अर्थ प्रत्येकाने चित्रं काढावीत असा नाही. आपला भोवताल घडवण्याची ताकद प्रत्येकाकडे आहे, असा आहे.

कासलच का

कासल हे शस्त्रनिर्मितीचं शहर होतं. २२ ऑक्टोबर १९४३ च्या रात्री ब्रिटिश बॉम्बहल्ल्यात जुनं शहर जवळजवळ सगळं जळालं आणि सुमारे १०,००० माणसं मेली. युद्धानंतर ते मोटारींच्या सोयीने, रुंद रस्ते आणि डांबर यांनी पुन्हा बांधलं गेलं. १९५५ मध्ये आर्नोल्ड बोडे यांनी तिथे ‘डॉक्युमेंटा’ हे आधुनिक कलेचं प्रदर्शन सुरू केलं. आता ते दर पाच वर्षांनी शंभर दिवस भरतं आणि जगभरातून लोक येतात. बॉइस तिथला जुना गडी. १९७२ मध्ये त्याने तिथे शंभर दिवस चित्रं न लावता थेट लोकशाहीचं कार्यालय मांडून लोकांशी वाद घातला होता. १९७७ मध्ये इमारतीभर नळ्यांतून मध फिरवणारा पंप बसवला होता.

१९८२ च्या सातव्या डॉक्युमेंटासाठी त्याने ‘७००० ओक’चा प्रस्ताव दिला. त्याचं उपशीर्षक जर्मनमधला एक शाब्दिक खेळ आहे. ‘फेरवाल्टुंग’ म्हणजे कारभार आणि ‘वाल्ड’ म्हणजे रान. त्यातलं एकच अक्षर बदलून त्याने ‘नगर-कारभाराऐवजी नगर-रान’ अशी घोषणा केली. काळही जुळून आला. आम्लवर्षेने जंगलं मरत आहेत, ही बातमी त्या वर्षांत जर्मनीत घराघरात होती. बॉइस १९८० मध्ये स्थापन झालेल्या हरित पक्षाच्या उभारणीत होता.

ओकच का, यालाही इतिहास आहे. नाझींनी हे झाड आपल्या निशाण्यांवर चढवलं. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या विजेत्यांना ओकची रोपं दिली होती. बॉइस स्वतः युद्धात जर्मन हवाई दलात होता. १९४४ मध्ये क्रिमियात त्याचं विमान पडलं. तिथल्या तातारांनी चरबी आणि फेल्टमध्ये, म्हणजे लोकरीच्या जाड कापडात, गुंडाळून आपल्याला वाचवलं, ही त्याने सांगितलेली कथा नंतरच्या अभ्यासकांनी खोडून काढली आहे. म्हणजे माणूस भाबडा नव्हता आणि निर्मळही नव्हता. त्याच पिढीतल्या एकाने ओक पुन्हा रस्त्याच्या कडेला, शाळेच्या आवारात, कुणाच्याही दारात आणून लावणं, याला जर्मन माणसाच्या लेखी वेगळं वजन आहे.

दगडाचं काम

दगड कासलजवळच्या खाणीतला बसाल्ट. हा आपला सह्याद्रीचाच काळा पाषाण. लाव्हा सावकाश थंड होताना आकसतो, त्यात भेगा पडतात आणि त्या भेगांतून पाच-सहा कोनांचे उभे खांब तयार होतात. मुंबईत अंधेरीच्या गिल्बर्ट टेकडीवर हेच खांब प्रचंड आकारात दिसतात. कासलमध्ये वापरलेल्या खांबाचा जमिनीवर दिसणारा भाग साधारण १.२ मीटर, म्हणजे माणसाच्या छातीइतका. घडाई नाही, कोरीव काम नाही, नाव नाही, पाटी नाही. बसाल्टचा एक घनमीटर जवळपास ३ टन भरतो, त्यामुळे असा एक खांब दोघांनी उचलून नेण्यातला नसतो. क्रेन किंवा उचलणारी गाडी लागतेच.

या दगडाची कामं बरीच आहेत, आणि सगळी एकदम चालतात.

पहिलं काम हिशेबाचं. ढीग हे सार्वजनिक खातं. चौकातून जाणाऱ्या कुणालाही, वर्तमानपत्र न वाचता, किती झाडं लागली आणि किती बाकी आहेत ते दिसतं. अहवालात आकडा फुगवता येतो, ढीग फुगवता येत नाही. झाड न लावता दगड पळवला तर? मग तो दगड कुठेतरी एकटा उभा दिसेल.

दुसरं काम अडचणीचं. हे फार महत्त्वाचं आहे आणि बहुतेक वर्णनांत ते सौम्य करून सांगितलं जातं. तो ढीग कुरूप होता आणि तसाच हवा होता. कासलच्या लोकांनी तक्रारी केल्या. चौकाची शोभा गेली म्हणाले. कुणी दगडांना गुलाबी रंग फासला. पण ढीग घालवण्याचा एकच सनदशीर मार्ग होता, झाडं लावणं. ज्याला बॉइस आवडत नाही त्यालाही ढीग लवकर संपावा असंच वाटणार, आणि त्यासाठी त्याला झाडांच्या बाजूने मत द्यावं लागणार. विरोधकालाच कामाला जुंपणारी ही रचना. उपोषणकर्ता सरकारच्या दारात बसतो, त्याच्याशी याचं नातं आहे. फरक इतकाच की दगडाला भूक लागत नाही आणि त्याला रुग्णालयातही हलवता येत नाही.

तिसरं काम काळाचं. झाड लावलं त्या दिवशी दगड झाडापेक्षा भारदस्त दिसतो. रोप काठीसारखं आणि शेजारी हा काळा खांब. काही वर्षांत दोघं बरोबरीला येतात. वीस-तीस वर्षांनी दगड झाडाच्या पायाशी बसलेल्या म्हाताऱ्यासारखा होतो. दगड वाढू शकत नाही, झिजला तर कमीच होणार. झाड रोज बदलणार. दोघांचं प्रमाण कोणत्याही दोन दिवशी सारखं नसतं, हे बॉइसने आधीच सांगून ठेवलं होतं. शिल्प पूर्ण झालं असं म्हणायचा दिवसच येत नाही.

चौथं काम अगदी साधं. दगड गाडी अडवतो. शहरी झाडाचा मोठा शत्रू म्हणजे आळ्यावर चढणारं चाक. एकदा माती दाबली गेली की तिच्यातली हवेची छिद्रं बुजतात, पाणी मुरत नाही आणि मुळं गुदमरतात. छातीइतका दगड बुंध्याशी असला की तिथे गाडी लागत नाही. अर्थात याच गुणाचा दोषही झाला. एका दगडामुळे मोटारसायकलस्वाराचा मृत्यू झाल्याची टीका कासलमध्ये झाली होती. रस्त्याच्या वळणावर असा खांब रोवताना हा विचार करायलाच हवा.

७००० झाडं प्रत्यक्षात लागतात कशी

हिशेब मांडू. मार्च १९८२ ते जून १९८७ म्हणजे सव्वापाच वर्षं. वर्षाला सरासरी १३०० च्या पुढे झाडं. पण जर्मनीत मोठी रोपं पानगळीनंतर ते पालवी फुटेपर्यंतच लावतात आणि त्यातही जमीन गोठली की काम थांबतं. हातात वर्षाचे जेमतेम सहा महिने. म्हणजे हंगामात रोज सरासरी सात-आठ झाडं, सात-आठ अवजड दगड आणि तेवढेच खड्डे, तेही चालत्या शहरात. यातला कलात्मक क्षण फावड्याचा, बाकी सगळा कारभार.

त्यासाठी बॉइसच्या ‘मुक्त आंतरराष्ट्रीय विद्यापीठ’ या संस्थेने कासलमध्ये समन्वयाचं कार्यालय चालवलं. जागा बॉइसने ठरवल्या नाहीत. रहिवासी, वस्तीच्या समित्या, शाळा, बालवाड्या, नागरिक गट यांनी जागा सुचवायच्या. मग महापालिकेच्या उद्यान खात्याबरोबर जागा तपासायची. त्या वेळचे महापौर हान्स आयशेल, जे पुढे जर्मनीचे अर्थमंत्री झाले, यांचा पाठिंबा होता. तो नसता तर काम पहिल्या हंगामातच अडकलं असतं. विरोधाची कला करायची आणि परवानग्याही मागायच्या, हे काहींना विसंगत वाटतं. पण सार्वजनिक जमिनीत खड्डा खणायचा तर दुसरा रस्ता नसतो, आणि त्या वाटाघाटीतच शहराची सवय बदलते.

जागा बाद होण्याची कारणं ठरावीक. फरसबंदीखाली गॅसची, पाण्याची, टेलिफोनची लाईन असते. वरून छान दिसणाऱ्या जागेच्या खाली नळ्यांचं जाळं निघतं. फूटपाथ अरुंद असतो. खिडकीसमोर सावली नको म्हणून घरमालक विरोध करतो. आणि सगळ्यांत जास्त भांडण पार्किंगचं. एक झाड म्हणजे एका गाडीची जागा गेली, हे गणित लोकांना झटकन कळतं, सावलीचं गणित वीस वर्षांनी कळतं.

नावात ओक असला तरी सगळी झाडं ओकची नाहीत. ओक निम्म्याहून जास्त, बाकी लिंडेन, अ‍ॅश, मेपल, चेस्टनट, प्लेन वगैरे. यामागे कारणं आहेत. ओकचा विस्तार मोठा, अरुंद गल्लीत तो मावत नाही. त्याचं सोटमूळ खोल जातं, त्यामुळे रोपवाटिकेतून वेळोवेळी मुळं छाटून, गड्डा बांधून तयार केलेलं झाड नसेल तर ते नव्या जागी रुसतं. शिवाय रस्ताभर एकाच जातीची झाडं असली तर एका किडीने रांगच्या रांग जाते.

लावताना होणाऱ्या चुका जगभर त्याच. खड्डा खोल पण अरुंद खणणं, जेव्हा मुळांना आडवी जागा हवी असते. झाड रोपवाटिकेत होतं त्यापेक्षा खोल पुरणं, ज्याने बुंध्याची साल कुजते. आधाराची दोरी दोन-तीन वर्षांनी सोडायची विसरणं, मग ती वाढत्या खोडात रुतते. आणि पहिल्या दोन-तीन उन्हाळ्यांत पाणी न देणं. थंड देशात आणखी एक भर पडते. हिवाळ्यात बर्फ वितळवायला रस्त्यावर टाकलेलं मीठ आळ्यात उतरतं आणि पानांच्या कडा करपतात.

पैसा

एका झाडाची किंमत ५०० मार्क (तेव्हाचं जर्मन चलन) ठेवली होती. झाड, दगड, वाहतूक, खड्डा, मजुरी सगळं त्यात. देणगीदाराला झाडाचं प्रमाणपत्र मिळायचं. किंमत एका झाडाची सांगणं ही मोठी हुशारी. ७००० गुणिले ५०० म्हणजे ३५ लाख मार्क हा आकडा ऐकून माणूस खिशात हात घालत नाही. ‘एक झाड, एक दगड, ५०० मार्क’ ऐकून घालतो.

तरी एवढ्या देणग्या आपसूक येत नाहीत. सुरुवातीचं भांडवल न्यूयॉर्कच्या डिया आर्ट फाउंडेशनने दिलं. मग ३० जून १९८२ रोजी बॉइसने चौकात भट्टी लावली आणि रशियन झार इव्हान ‘द टेरिबल’च्या मुकुटाची सोन्याची प्रतिकृती लोकांसमोर वितळवली. एका हॉटेलवाल्याने ती त्याला दिली होती. जमावातून शिव्या पडल्या, थांबवायचे प्रयत्नही झाले. त्या सोन्याचा त्याने एक ससा ओतला, ‘शांतीचा ससा’, आणि तो एका संग्राहकाने ७,७७,००० मार्कांना घेतला. ५०० ने भागा, १,५५४ झाडं होतात. हुकूमशहाचं चिन्ह वितळवून झाडांची किंमत उभी करणं हे परफॉर्मन्सचं अस्सल उदाहरण, कारण त्यात प्रतीक आणि रोकड वेगळी काढता येत नाहीत.

पुढे पैसे कमी पडले तेव्हा तो एका जपानी व्हिस्कीच्या जाहिरातीत झळकला आणि मानधन झाडांना दिलं. यावरून त्याची टर उडाली. पण खड्डे खणणाऱ्याला पगार द्यायचा असतो, आणि तो तत्त्वांनी देता येत नाही.

मेल्यानंतर काय

बॉइस गेला तेव्हा चौकात दगड शिल्लक होते. एरवी कलाकार गेला की अर्धवट काम अर्धवट राहतं, फार तर संग्रहालयात जातं. इथे ढीग तसाच ठेवणंही शक्य नव्हतं आणि झाडाशिवाय उचलणंही नियमात नव्हतं. नियम इतका सोपा होता की त्याच्या हाताची गरजच नव्हती. पत्नी, मुलगा, कार्यालयातली माणसं, महापालिका यांनी पुढच्या डॉक्युमेंटापर्यंत तो पुरा केला.

आज ती झाडं महापालिका सांभाळते. २००२ पासून त्यासाठी एक स्वतंत्र प्रतिष्ठानही आहे. झाड मेलं तर त्याच दगडाशेजारी नवं लावतात. म्हणजे काळानुसार झाडं बदलतील, दगड तोच राहील. मेलेल्या झाडाची जागा दगड धरून ठेवतो, एरवी अशी जागा गुपचूप डांबराखाली जाते.

डिया फाउंडेशनने १९८८ मध्ये न्यूयॉर्कच्या वेस्ट २२ व्या रस्त्यावर पाच झाडं आणि पाच बसाल्ट खांब लावले, १९९६ मध्ये आणखी १८. तिथे ढीग नव्हता. झाडं सुंदर आहेत, पण तो ताण नाही. दगड तिथे सही होऊन बसतो, देणं राहत नाही. दुसरीकडे अ‍ॅक्रॉइड आणि हार्वी या ब्रिटिश कलाकार जोडीने २००७ मध्ये कासलच्या झाडांखालची ओकफळं गोळा केली, रुजवली, आणि २०२१ मध्ये त्यातली १०० रोपं लंडनच्या टेट मॉडर्न या कलासंग्रहालयाबाहेर मांडली.

इथे कुणी करायला गेलं तर

महाराष्ट्राला हे वाचताना आपली वृक्षलागवड आठवणं साहजिक आहे. २०१६ ते २०१९ या काळात राज्याने ५० कोटी झाडांचा संकल्प सोडला होता, एकट्या २०१९ च्या पावसाळ्याचं लक्ष्य ३३ कोटी. पुढे त्यातली जगली किती, यावर वाद होऊन २०२१ मध्ये विधिमंडळाची समिती नेमली गेली. ३३ कोटींच्या शेजारी ७००० हा आकडा चिल्लर वाटतो. पण कासलमधल्या प्रत्येक झाडाकडे बोट दाखवता येतं.

बॉइसची नक्कल म्हणून एखाद्या गावाने चौकात दगड टाकले तर ते गमतीचं होईल. पण त्यातली यंत्रणा उचलता येते, आणि दगडाची कमतरता तर इथे नाहीच. आकडा असा ठरवावा की जो दोन-तीन पावसाळ्यांत संपेल. गावासाठी १००, फार तर २००. ढीग ग्रामपंचायतीच्या किंवा शाळेच्या दारात, जिथे रोज पाय अडेल. माळावर टाकला तर उपयोग शून्य. शहरात असाल तर १९७५ च्या झाडांच्या संरक्षणाच्या कायद्याखालचं वृक्ष प्राधिकरण आणि रस्ते खातं या दोघांशी आधी बोलायचं. रस्त्यालगत लावणार तर खालच्या केबलींचा नकाशा मागायचा, तो अर्धवट असणार हे धरून आधी हाताने चाचणीचा खड्डा घ्यायचा.

मुरमाड जमिनीत खड्डा १ × १ × १ मीटर, तोही उन्हाळ्यात खणून तापू द्यायचा. भरताना वरची चांगली माती आणि कुजलेलं शेणखत. कच्चं शेण घातलं तर हुमणी आणि वाळवीला आमंत्रण. दोन-चार चांगले पाऊस पडून ओल खोल गेली की लावायचं, पहिल्या सरीला नाही. रस्त्याकडेला कडुनिंब, करंज, ताम्हण, बहावा. वड-पिंपळाला मोकळं मैदान द्यावं, भिंतीशेजारी नको. दगडाचा तिसरा हिस्सा तरी जमिनीत जायला हवा, नाहीतर पहिल्याच पावसात तो कलतो. आणि तो खोडापासून दोन-अडीच फुटांवर, मुळांचा गड्डा चिरडणार नाही असा.

एक सुधारणा मात्र करावी. दगड लागवडीच्या दिवशी हलवूच नये. झाडाने दुसरा उन्हाळा काढला की मग हलवावा. कासलमध्ये नियम लावण्यापुरता होता, कारण तिथे वर्षभर पाऊस पडतो. आपल्याकडे फोटो जुलैत निघतो आणि झाड एप्रिलमध्ये मरतं. ढीग दोन वर्षं तसाच पडून राहिला तर टँकर कुणी सांगायचा, यावर ग्रामसभेत भांडण होईल, आणि तेच तर हवं आहे. पाहुण्यांच्या हस्ते दगड हलवायला तर कधीच देऊ नये. ज्याने दोन उन्हाळे पाणी घातलं त्याने हलवावा.

कासलला कुणी गेलंच तर ही झाडं शोधायला नकाशा लागत नाही. वर बघायचं नाही, खाली बघायचं. मोठ्या झाडाच्या बुंध्याशी, बहुतेक वेळा सायकल टेकवून ठेवलेली, काळी पाच-सहा कोनांची शिळा दिसते. काही ठिकाणी खोड इतकं जाडावलंय की ते दगडाला जाऊन टेकलंय.